आपल्या ब्रास बँडची दहा मिनिटांची फिल्म कशी काढायची

१९३०-४० च्या काळात अमेरिकेत मोठ्या जॅझ बँडच्या छोट्या फिल्म निघायच्या, एका रिळाच्या म्हणजे साधारण १० मिनिटांच्या, मेन पिक्चरच्या आधी थेटरात लावायचे. तसंच सांगलीतल्या लग्नाच्या बँडचं करायचं असेल तर गाणं आधी रेकॉर्ड करून घ्या, शूटिंगला तेच स्पीकरवर लावायचं आणि सगळ्यांनी त्यावर वाजवायचं, नाहीतर प्रत्येक शॉटला लय वेगळी येते आणि एडिटिंगला बसल्यावर रडायची पाळी.

रेकॉर्डिंगला बंद हॉलच बघा. आयर्विन पुलाजवळ कृष्णेकाठी दिसतं भारी पण वारा माइकमध्ये घुसतो, तिथं नुसतं चित्र घ्या.

बसवताना पुढं सॅक्सोफोन, मागं ट्रॉम्बोन, सगळ्यात मागं उंचावर ट्रम्पेट, ड्रम बाजूला. आपल्याकडं सॅक्सोफोन एखादाच असतो, मग क्लॅरिनेटवाले पुढं घ्या, काय बिघडत नाही. सोलोवाला उठून उभा राहतो तेव्हाच कॅमेरा त्याच्याजवळ न्यायचा, म्हणून कोण कधी उठणार ते आधी कागदावर लिहून ठेवा. पितळेवर लाइट थेट मारू नका, मधे पांढरं धोतर ताणून बांधा.

आणि हो, लग्नसराईत तारीख मागू नका, बँडवाले फोनच उचलत नाहीत.