सायकलीचे हँडल ढिले झाले? आवळण्याआधी कुठे ढिले आहे ते पाहा

हँडल हलू लागले की बहुतेक जण पाना घेऊन वरचा बोल्ट आवळतात. चार दिवसांनी ते पुन्हा हलते, मग आणखी जोर लागतो आणि शेवटी बोल्टचे आटे जातात. हँडल तीन जागी ढिले होऊ शकते आणि तिन्हींचा इलाज वेगळा आहे.

सायकलीसमोर उभे राहून पुढचे चाक दोन्ही गुडघ्यांत घट्ट धरा आणि हँडल डावी-उजवीकडे पिळा. चाक जागेवर राहून हँडलच फिरले, तर स्टेम ढिला आहे. म्हणजे हँडल आणि चिमटा (पुढचे चाक धरणारा दुहेरी दांडा) यांना जोडणारा भाग. मग दोन्ही मुठींवर अंगाचा भार देऊन खाली दाबा. हँडलची दांडी स्टेममध्ये फिरली, तर तिची पकड सुटली आहे. तिसरी तपासणी पुढचा ब्रेक दाबून: सायकल मागे-पुढे ढकला आणि फ्रेम व चिमटा जिथे भेटतात त्या सांध्यावर बोटे ठेवा. तिथे टकटक जाणवली, तर हेडसेट, म्हणजे छर्रे बसतात त्या वाट्या, सैल आहेत. बोटे ठेवायचीच, कारण ब्रेकची झिजलेली कमानही असाच आवाज करते.

जुन्या पद्धतीच्या सायकलीत स्टेम चिमट्याच्या नळीत आत उतरतो आणि एका लांब बोल्टने वर ओढल्या जाणाऱ्या कोनामुळे, म्हणजे शंकूसारख्या तुकड्यामुळे, घट्ट बसतो. गोव्यातल्या पोदेराच्या, म्हणजे पाववाल्याच्या, सायकलीला बहुधा हाच असतो. बोल्टला १३ मिमीचा पाना किंवा ६ मिमीची ॲलन की (षटकोनी किल्ली) लागते. बोल्ट तीन-चार फेरे सैल करा, त्याचे डोके वर आले की त्यावर लाकडी ठोकळा ठेवून हातोडीचा एक ठोका द्या. कोन सुटतो आणि स्टेम बाहेर येतो. बोल्ट पूर्ण काढू नका, नाहीतर कोन नळीत पडतो.

आता गोव्यातली खरी अडचण. किनाऱ्यावरचा खारा वारा, चार महिन्यांचा पाऊस आणि लाल चिखल यांमुळे नळीत गंज धरतो. गंजाच्या थरावर कोनाची पकड टिकत नाही, म्हणून बोल्ट कितीही आवळला तरी हँडल सुटते. उलट फार आवळले तर नळीच आतून फुगते आणि तो चिमटा कायमचा बिघडतो. स्टेम अॅल्युमिनियमचा आणि नळी लोखंडाची असेल, तर खाऱ्या ओलाव्यात दोन्ही धातू एकमेकांना चिकटून बसतात. तेव्हा गंज सोडवणारे तेल सांध्यात सोडून रात्रभर थांबा.

स्टेम बाहेर आला की नळी आणि स्टेम तारेच्या ब्रशने घासा, कोरड्या कापडाने पुसा, मग स्टेमला, कोनाला आणि बोल्टच्या आट्यांना ग्रीसचा पातळ हात फिरवा. खोबरेल तेल लावू नका. ते धूळ ओढते आणि कालांतराने चिकट होते. स्टेम परत घालताना त्यावरची किमान खोलीची रेघ आत गेली पाहिजे. रेघ पुसलेली असेल तर निदान ६५ मिमी आत ठेवा. कमी खोलीवर ठेवलेला स्टेम मोडू शकतो आणि तो मोडतो तो नेमका चालवताना. सळईच्या ब्रेकची सायकल असेल तर हँडलची उंची बदलल्यावर ब्रेकच्या सळया पुन्हा जुळवाव्या लागतात, हे विसरले जाते.

आजच्या गिअरच्या सायकलींत वर एक टोपी असते आणि स्टेमच्या बाजूला दोन बोल्ट. टोपी स्टेमला धरून ठेवते असा समज सर्वत्र आहे, पण तिचे काम फक्त छर्ऱ्यांवर दाब देण्याचे. म्हणून क्रम असा: आधी बाजूचे दोन्ही बोल्ट सैल, मग टोपी हळूहळू आवळून टकटक बंद, मग हँडल चाकाशी सरळ आणि शेवटी बाजूचे बोल्ट आलटून पालटून थोडे थोडे घट्ट. साधारण ५ न्यूटन-मीटर पुरते. स्टेमवर छापलेला आकडा असेल तर तोच माना. टॉर्कचा पाना (जोर मोजून आवळणारा) नसेल तर आखूड ॲलन कीने दोन बोटांच्या जोरावर आवळा.

दांडी फिरत असेल तर स्टेमच्या समोरच्या पट्टीचे चार बोल्ट तिरके-तिरके आवळा, म्हणजे वरची आणि खालची फट सारखी राहील. आट्यांना ग्रीस हवे, पण दांडीच्या पकडीच्या जागी अजिबात नको. एवढे करूनही दांडी फिरली, तर मापे तपासा: २५.४ मिमीची दांडी ३१.८ मिमीच्या स्टेममध्ये पकडत नाही. शीतपेयाच्या डब्याचा पत्रा गुंडाळून घालणे ही दुकानापर्यंत पोहोचण्याची सोय आहे, दुरुस्ती नव्हे.

जुन्या हेडसेटला वरचे लॉकनट सैल करून त्याच्या लगेच खालची वाटी हाताने फिरवा. सैलपणा जाईल पण चिमटा मोकळा फिरेल तिथे थांबा, मग वाटी धरून नट आवळा. हँडल सरळ रेषेत येताच अडखळते का ते पाहा. अडखळत असेल तर वाट्यांना खड्डे पडले आहेत; त्या बदलाव्या लागतात आणि फ्रेममध्ये दाबून बसवलेल्या वाट्या सायकलवाल्याकडूनच बदलून घ्या.

मे महिन्यात आणि गणेश चवथीनंतर एकदा स्टेम काढून ग्रीस करा. पावसात ॲलन बोल्टच्या खाचेत थोडे ग्रीस भरा, म्हणजे चिखल साचून की घसरत नाही. समुद्रकिनाऱ्यावरून आलात तर गोड्या पाण्याने धुवा, पण पाइपचा फवारा हेडसेटवर मारू नका, पाणी थेट छर्ऱ्यांत शिरते. नारळांची पिशवी हँडलला अडकवण्याऐवजी मागच्या कॅरिअरवर बांधा. दांडीला किंवा स्टेमला बारीक तडा दिसला तर आवळू नका, तो भाग बदला.