वायरलेस माउस अडखळत होता, पण दोष माउसचा नव्हता

विश्रामबागला, सांगलीत, आमच्या वरच्या खोलीत माझा पीसी आहे. पैसे साठवून गेमिंगसाठी वायरलेस माउस घेतला आणि आठवड्याभरात जीव मेटाकुटीला आला. व्हॅलोरंट या नेमबाजीच्या गेममध्ये ऐन नेम धरायच्या वेळी माउस अर्धा क्षण थिजायचा, मग एकदम उडी मारायचा. बॅटरी बदलली, ड्रायव्हर टाकला, पॅड धुतला. काही फरक नाही.

मग एका रात्री लक्षात आलं: बाहेरच्या हार्ड डिस्कवर फाइल कॉपी होत असली की त्रास वाढतो. डोंगल, म्हणजे माउसचे सिग्नल पकडणारा छोटा यूएसबी तुकडा, कॅबिनेटच्या मागे, त्या डिस्कच्या अगदी शेजारच्या निळ्या (यूएसबी ३.०) पोर्टमध्ये होता. यूएसबी ३.० चालू असताना जो रेडिओ गोंगाट होतो, तो २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात येतो, आणि माउसचा डोंगलही तिथेच बोलतो. वर मध्ये कॅबिनेटचा पत्रा.

साधी यूएसबी एक्स्टेन्शन वायर आणली, डोंगल टेबलावर पॅडपासून वीतभर अंतरावर ठेवला. त्याच रात्री अडखळणं थांबलं!

नवा घेणार असाल तर निव्वळ ब्लूटूथवाला गेमिंगसाठी नको. तो साधारण १२५ हर्ट्झवर चालतो, म्हणजे आपण कुठे हललो याची खबर पीसीला ८ मिलिसेकंदांनी एकदा देतो. डोंगलवाला १००० हर्ट्झचा असेल तर दर मिलिसेकंदाला. डीपीआयच्या (माउस जरा हलवला की पॉइंटर किती सरकतो, त्याच्या) मोठ्या आकड्यांना भुलू नका, मी ८०० वरच खेळतो. वजन मात्र हातात घेऊन बघा. बॅटरीच्या सेलवर चालणाऱ्या माउसमध्ये एकटा डबल ए सेलच वीसेक ग्रॅम भरतो, आणि तासाभराने मनगटाला ते कळतं.