क्रिप्टोचा नफा दिसतो, पण हातात येत नाही तेव्हा

दादर असो की डोंबिवली, क्रिप्टो फसवणुकीचं जाळं अनेकदा टेलिग्राम ग्रुपवर टाकलं जातं. अ‍ॅपवर फुगत जाणारा नफा हा निव्वळ समोरच्याने टाकलेला आकडा असतो. सुरुवातीला हजार-दोन हजार काढूही देतात, म्हणजे पुढे लाख भरताना हात आखडत नाही.

खरी मेख पैसे काढताना कळते. "आधी ३० टक्के टॅक्स भरा, मग रक्कम सुटेल" असं आलं की एक रुपयाही पाठवू नका. क्रिप्टोच्या नफ्यावर ३० टक्के कर आहे खरा, पण तो आपण थेट आयकर खात्याकडे भरतो. १ टक्का टीडीएस विक्रीच्या रकमेतूनच कापतात. कुणा 'ट्रेडर्स'च्या खात्यात यूपीआयने सरकारी कर जमा होत नाही!

एक्स्चेंजची (क्रिप्टो खरेदी-विक्रीच्या मंचाची) एफआययू-इंडिया या आर्थिक व्यवहारांवर नजर ठेवणाऱ्या सरकारी संस्थेकडे नोंदणी आहे का, ते आधी बघा (ती नफ्याची हमी नव्हे). क्रिप्टो वॉलेट उघडणारे १२ किंवा २४ गुप्त शब्द कागदावर लिहा. स्क्रीनशॉट नको, 'सपोर्ट'वाल्याला तर मुळीच देऊ नका.

पैसे गेलेच तर त्याच क्षणी १९३० ही सायबर फसवणुकीची हेल्पलाइन लावा आणि यूटीआर (बँक व्यवहाराचा क्रमांक) सांगा. रक्कम बँकेत असेतो गोठवता येते, तिचं यूएसडीटी (डॉलरशी जोडलेलं क्रिप्टो) झालं की कठीण. चॅट डिलीट करू नका, ट्रान्झॅक्शन हॅश (क्रिप्टो व्यवहाराचा ओळखक्रमांक) जपा. नंतर "फी द्या, पैसे सोडवून देतो" म्हणणारा भेटेलच. त्यालाही ब्लॉक करा.