माळ्यावर जुनी रिळं सापडली तर काय करावं?

घर रंगवायला काढलं की माळ्यावरून गंजका पत्र्याचा डबा निघतो आणि डब्यातून फिल्मचं रीळ. कुणाची मुंज, कुठली जत्रा, काही पत्ता नसतो. मग उत्साहाच्या भरात कुणीतरी प्रोजेक्टर शोधायला धावतं. एवढं मात्र करू नका. जुनी फिल्म आकसलेली असते, प्रोजेक्टरचे दाते तिच्या भोकांत बसत नाहीत आणि पट्टी पाच मिनिटांत फाटते.

आधी डबा उघडून वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट वास म्हणजे फिल्मचं अ‍ॅसिटेट, म्हणजे पट्टी ज्या प्लास्टिकची असते ते, कुजायला लागलंय. ते उलटवता येत नाही. थंड, कोरड्या जागी त्याचा वेग फक्त कमी होतो. ती वाफ शेजारच्या रिळांनाही बाधते, म्हणून असं रीळ लगेच वेगळं ठेवा.

मग पट्टीची रुंदी मोजा. घरगुती चित्रण बहुधा 8 किंवा 16 मिमीचं असतं. 8 मिमीत भोकं बारीक आणि चित्राच्या मध्यावर असतील तर ते सुपर 8, म्हणजे 1965 नंतरचं. रुंदी 35 मिमी निघाली तर सावध व्हा. कडेला इंग्रजीत ‘सेफ्टी’ छापलेलं नसेल आणि फिल्म 1950च्या आसपासची किंवा त्याआधीची असेल, तर ती नायट्रेट, म्हणजे झटकन पेट घेणाऱ्या जुन्या प्लास्टिकची असू शकते. नायट्रेट पेटलं की पाण्यानेही विझत नाही. पुण्यात 2003 साली अशाच साठ्याला आग लागून जुने चित्रपट कायमचे गेले. असा डबा कुरियरने पाठवू नका. घरापासून दूर, सावलीत ठेवा आणि चित्रपट संग्रहालयाला (नावं शेवटी दिली आहेत) फोन करा.

हाताळताना पट्टी फक्त कडेने धरा. बुरशी दिसली तरी ओल्या फडक्याने पुसू नका, चित्राचा थर जिलेटिनचा असतो, तो सुटून येतो.

डबा बदलण्याआधी त्यावरच्या अक्षरांचा, लॅबच्या चिठ्ठीचा फोटो काढा. पुढे तारीख लावायला तेच कामी येतं.

डिजिटल प्रत करून घेताना चौकटीगणिक स्कॅन करणारा माणूस गाठा. भिंतीवर चित्र पाडून मोबाइलने टिपणाऱ्याला पैसे देऊ नका. रंग न सुधारलेली मूळ फाइल मागा आणि रीळ परत घ्या. ‘स्कॅन झालं, आता टाकून द्या’ हा सल्ला मला तरी अजिबात पटत नाही. हार्ड डिस्क कधी दगा देईल सांगता येत नाही. म्हणून प्रती दोन ठेवा, त्यातली एक दुसऱ्या घरी. स्कॅन घरातल्या म्हाताऱ्यांना दाखवा आणि ते सांगतील ती नावं तिथेच लिहून घ्या.

रीळ हवा खेळेल अशा प्लास्टिकच्या डब्यात, आडवं ठेवा. माळा नको, न्हाणीघराला लागून असलेली भिंतही नको. कोकणात आणि मुंबईत पावसाळ्यात तर डबा अधूनमधून उघडून बघाच.

गिरणी, पूर, सभा, नाटकमंडळी असं काही त्यात असेल, तर पुण्याचं 1964 साली स्थापन झालेलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय किंवा मुंबईचं फिल्म हेरिटेज फाउंडेशन यांना विचारा. देण्याआधी हक्क कुणाचे राहतील आणि तुम्हाला प्रत मिळेल का, हे कागदावर घ्या.