टायमिंग चेन बदलायची वेळ आली का? गॅरेजला जायच्या आधीची तयारी

गेल्या आठवड्यात कोपरखैरण्याहून ताईचा फोन आला. "सकाळी गाडी चालू केली की पुढून खडखड येते रे, दोन-तीन सेकंदांत थांबते. आज नेऊ का गॅरेजला?" मी म्हटलं, आज नेऊ नकोस, आधी ऐक. दोन वर्षांपूर्वी माझ्या गाडीला हेच झालं होतं. ठाण्यात कासारवडवलीहून वागळे इस्टेटच्या गॅरेजला मी तीन फेऱ्या मारल्या आणि तिन्ही वेळा "गाडी ओके आहे" ऐकून परत आलो. चौथ्यांदा गाडी टोइंगच्या ट्रकवर चढून गेली. टायमिंग चेन जंप झाली होती, म्हणजे दात सोडून सरकली होती, व्हॉल्व्ह वाकले होते, इंजिनचा वरचा भाग, म्हणजे हेड, उतरवावं लागलं. तिला जे सांगितलं तेच इथे लिहितोय, कारण हा आवाज येणाऱ्या गाड्या खूप आहेत आणि माझ्यासारखी चूक करणारेही.

पहिली गोष्ट थंड गाडीचा आवाज. बाकी सगळं यानंतर. टायमिंग चेन क्रँकशाफ्टचं (पिस्टन ज्याला फिरवतात तो दांडा) फिरणं कॅमशाफ्टला (व्हॉल्व्ह उघडणारा दांडा) देते, म्हणजे व्हॉल्व्ह कधी उघडायचे आणि कधी मिटायचे ते तिच्यावर ठरतं. ती सैल पडू नये म्हणून टेन्शनर असतो आणि बहुतेक इंजिनांत तो ऑइलच्या दाबावर काम करतो. गाडी रात्रभर उभी राहिली की ऑइल खाली उतरतं. सकाळी सेल्फ मारल्यावर दाब तयार होईपर्यंत टेन्शनर नीट ताण देत नाही, आणि झिजलेली चेन तेवढ्या वेळात कव्हरला, आणि तिला जागेवर धरणाऱ्या पट्टीला, म्हणजे गाईडला, आपटते. सायकलची सैल चेन चेनकव्हरला घासावी तसा आवाज येतो. मग दाब आला की सगळं शांत, दिवसभर चकार शब्द नाही. याचा अर्थ असा की घोडबंदर रोडवर पाऊण तास चालून तापलेली गाडी मेकॅनिकसमोर उभी केली तर त्याला काहीच ऐकू येणार नाही. तो खोटं बोलत नसतो. माझ्या गाडीच्या बॉनेटवर हात ठेवून, कान लावून, दोनदा रेस देऊन तो म्हणाला, "साहेब, इंजिन मख्खन आहे." त्या क्षणी ते तसंच होतं.

म्हणून गाडी किमान आठ तास उभी राहिल्यानंतरचा पहिला स्टार्ट फोनवर रेकॉर्ड करा. आदल्या रात्रीच बॉनेट उघडून पुलीची बाजू, म्हणजे जिकडे पट्टे फिरतात ती बाजू, कुठली ते बघून ठेवा. चेनचं कव्हर बहुतेक गाड्यांत तिकडेच असतं. सकाळी एसी आणि गाणी बंद. फोन त्या बाजूला, फिरणाऱ्या भागांपासून लांब धरा आणि चावी दुसऱ्या कोणाला तरी फिरवायला सांगा. अॅक्सिलरेटरला पाय लावायचा नाही. रेकॉर्डिंग सेल्फ मारायच्या आधी सुरू करा, कारण हवा असलेला आवाज पहिल्या दोन-तीन सेकंदांतच असतो आणि नंतर बटण दाबलं तर तो निघून गेलेला असतो. तीस सेकंद पुरतात. तारीख आणि किलोमीटर तोंडाने बोला. असं तीन सकाळी करा. एका सकाळचं रेकॉर्डिंग दाखवलं तर "कधीतरी येतो आवाज" म्हणून सोडून देतात.

पेट्रोल, हवा, कागदपत्रं हे सांगत बसत नाही.

तुमच्या गाडीत चेनच आहे ना, हे मात्र मॅन्युअल उघडून बघा. जुन्या मारुती 800 मध्ये रबरी बेल्ट होता, मारुतीच्या के सिरीज पेट्रोल इंजिनांत चेन आहे, स्विफ्टमध्ये वर्षानुवर्षं आलेल्या 1.3 डिझेलमध्येही चेनच. बेल्टला ठरलेले किलोमीटर किंवा वर्षं असतात, तेवढी झाली की आवाज असो नसो, बदलायचा. चेनला सहसा असा आकडा नसतो. त्यामुळे "लाखाला बदलून टाका" म्हणणारा आणि "चेन लाइफटाइम असते, हात लावू नका" म्हणणारा, दोघांचंही ऐकू नका. चेन लक्षणांवर बदलतात. लोक "चेन ताणली" म्हणतात, पण पोलाद रबरासारखं ताणत नाही. प्रत्येक कडीतली पिन आणि बुश किंचित झिजतात, आणि सगळ्या कड्यांची मिळून चेन लांब होते. टेन्शनर पुढे सरकून ती ढिलाई खात राहतो आणि त्याची पुढे जायची जागा संपली की खरा धोका सुरू होतो.

आता ऑइल. सकाळी, गाडी सपाट जागेवर असताना, डिपस्टिक काढून पुसा, परत घाला, परत काढा. पातळी खालच्या खुणेच्या जवळ किंवा खाली असेल तर आवाजाचं कारण तिथेच सापडू शकतं, टेन्शनरला पुरेसा दाबच मिळत नसेल. पांढऱ्या टिश्यूवर ऑइलचा थेंब घेऊन टॉर्चखाली तिरका धरा. चंदेरी कण चमकले तर टिश्यू घडी करून पिशवीत ठेवा, मेकॅनिकला दाखवायला. मग बिलांची फाइल काढा आणि ऑइल कधी-कधी बदललं त्याच्या तारखा एका कागदावर लिहा. बऱ्याच पेट्रोल गाड्यांना 10,000 किलोमीटर किंवा 1 वर्ष, जे आधी येईल ते, असं सांगितलेलं असतं, पण तो हिशोब मोकळ्या रस्त्याचा आहे. माजिवड्याला आणि मानपाड्याला अर्धा-अर्धा तास इंजिन चालू ठेवून उभं राहिलं तर मीटरवर किलोमीटर चढत नाहीत, चेन मात्र फिरत असते आणि ऑइल जुनं होत असतं. ताईची गाडी घर, शाळा, कोपरखैरणे स्टेशन एवढीच चालते. तीही वाईटच. इंजिन नीट तापतच नाही, त्यामुळे न जळलेलं पेट्रोल आणि ओल ऑइलमध्ये राहते. चेन लवकर झिजायचं सगळ्यात मोठं कारण घाण किंवा कमी ऑइल आहे.

चेनवर पैसे घालण्याआधी, मॅन्युअलमध्ये लिहिलेल्या ग्रेडचं ऑइल आणि चांगला फिल्टर बदलून बघा. बऱ्याच फिल्टरांमध्ये ऑइल परत खाली जाऊ न देणारा रबरी पडदा असतो. स्वस्त फिल्टरमध्ये तो निकामी असला तर धडधाकट चेनसुद्धा सकाळी खडखडते. ऑइल बदलल्यावर पुन्हा तीन सकाळी रेकॉर्डिंग. थंड गाडीचं. आवाज गेला तर देवाची कृपा. तरीही महिन्याभराने परत एकदा ऐका.

आवाज दुसराही असू शकतो. किंचाळल्यासारखा असेल तर बाहेरचा पट्टा. एसी लावल्यावरच येत असेल तर कॉम्प्रेसरकडे बघा. वरून बारीक टकटक येत राहते आणि इंजिनच्या वेगाबरोबर वाढते ती बहुधा टॅपेटची, म्हणजे व्हॉल्व्ह दाबणाऱ्या भागांची. चेनचा आवाज कव्हरच्या बाजूने येतो आणि सुरुवातीला फक्त इंजिन थंड असतानाच येतो. तापल्यावरही राहायला लागला तर थांबायची वेळ आली.

स्कॅनर. स्टिअरिंगखालच्या सॉकेटला लागणारा साधा ब्लूटूथ स्कॅनर, म्हणजे गाडीने नोंदवलेले बिघाडाचे कोड वाचणारं यंत्र, सोसायटीत कोणाकडे तरी असतो, मागून घ्या. पी 0016 किंवा पी 0017 हा कोड आला तर क्रँक आणि कॅम यांचा मेळ बसत नाही असं गाडी सांगते आहे. तेवढ्याने चेनच गेली असं मात्र नाही. सेन्सर, वायरिंग, कॅमचं टायमिंग पुढेमागे करणारा व्हॉल्व्ह, यांच्यामुळेही तोच कोड येतो. कोड आणि सकाळचा आवाज दोन्ही असतील तर संशयाला जागा कमी. जोडीला आयडलवर गाडी थरथरणं, मिसिंग (इंजिन मध्येच अडखळणं), पिकअप पडणं, अॅव्हरेज उतरणं असेल तर आणखी कमी. कोडचा फोटो काढा, आणि गॅरेजला पाऊल टाकल्याबरोबर सांगा की माझ्यासमोर वाचल्याशिवाय कोड पुसायचा नाही. पोरं सवयीने पुसून टाकतात.

आणि कोड नाही म्हणून निश्चिंत होऊ नका. माझ्या गाडीत शेवटपर्यंत एकही कोड आला नव्हता. होता तो फक्त सकाळचा आवाज, आणि तो आमच्या वॉचमनने माझ्याआधी ओळखला होता.

आता गॅरेजला न्यायची तयारी. हीच माझी दुसरी चूक. पहिल्या फेरीनंतर मला कोणीतरी सांगितलं की गाडी रात्रभर गॅरेजवर ठेव. मी ठेवली, घरी आलो. सकाळी साडेदहाला पोचलो तर गाडी दुसऱ्याच कोपऱ्यात. नऊ वाजता शटर उघडल्यावर पोराने जागा करायला चालू करून हलवली होती. गेला थंड स्टार्ट. उरलं काय, कोमट इंजिन आणि परत तेच "ओके आहे". म्हणून गाडी संध्याकाळीच नेऊन आतल्या कोपऱ्यात, जिथून हलवावी लागणार नाही अशा जागी लावा. मालकाशी बोला, नुसतं पोराशी नाही. स्टिअरिंगवर कागद चिकटवा: "थंड स्टार्ट ऐकायचा आहे. गाडी चालू करू नये." चावी खिशात घालून घरी या. सकाळी शटर उघडायच्या वेळेला तिथे हजर राहा, ऑफिसला अर्धा दिवस सांगा. मेकॅनिकला पुलीच्या बाजूला उभं करा आणि मगच चावी फिरवा. ही एक सकाळ तुमच्या तीन फेऱ्या वाचवेल. माझी तिसरी फेरी तर नुसती वादावादीत गेली, कारण तेव्हाही मी ऑफिसहून परस्पर तापलेली गाडी घेऊन गेलो होतो. रेकॉर्डिंग नव्हतं, कागद नव्हता, काहीच नव्हतं. पुन्हा सांगतो: थंड गाडी, मेकॅनिक समोर, चावी तुमच्या हातात.

तोवर गाडी चालवायची का? आवाज दोन-तीन सेकंदांचाच असेल आणि ऑइल भरलेलं असेल तर जवळच्या जवळ, हळू. लांबचा प्रवास, कसारा घाट, एक्सप्रेसवे, नाही. आवाज तापल्यावरही येत असेल, किंवा मिसिंग आणि कोड बरोबर असेल, तर चावीला हात लावू नका, टोइंगचा ट्रक मागवा. विम्याबरोबर रोडसाइड असिस्टन्स घेतला असेल तर त्याचा नंबर आताच फोनमध्ये घाला. बॅटरी उतरली तर धक्का मारून गियरमध्ये चालू करू नका. सैल चेन त्या झटक्याने दात सोडू शकते. सोसायटीच्या उतरत्या रॅम्पवर नुसत्या गियरच्या भरवशावर गाडी उभी करू नका, हँडब्रेक पूर्ण ओढा. बऱ्याच इंजिनांत चेन तुटली किंवा सरकली की उघडे व्हॉल्व्ह पिस्टनवर आपटतात, आणि मग चेनचं बिल हेडच्या बिलापुढे काहीच नाही. माझं 58,000 झालं. वेळेवर बदलली असती तर त्याच्या निम्म्यातही झालं असतं.

काम ठरलं की अंदाजपत्रक लिहून घ्या. नुसती चेन नको. टेन्शनर, गाईड, स्प्रॉकेट (चेन ज्यावर फिरते ती दातेरी चाकं) सगळं किट एकत्र. जुना टेन्शनर ठेवून नवी चेन घातली तर आवाज परत येतो. क्रँकचा ऑइल सील, कव्हरचा सीलंट, नवं ऑइल आणि फिल्टर त्यातच धरा. गाईडचे प्लॅस्टिकचे तुकडे पडले असतील तर चेंबर, म्हणजे इंजिनखालचं ऑइलचं भांडं, उतरवून ऑइलची जाळी साफ करायला सांगा, नाहीतर ते ऑइलची वाट अडवतात. टायमिंग लॉक करायचं टूल त्या इंजिनचं आहे का, हे विचारा. रंगाने खूण करून बसवतो म्हणाला तर दुसरीकडे जा, लांब झालेल्या चेनवरून घेतलेली खूण चुकीचीच असणार. बसवल्यावर सेल्फ मारण्याआधी क्रँक हाताने पूर्ण दोन वेळा फिरवून खुणा पुन्हा जुळतात का बघायला हवं. क्रँकचे दोन फेरे म्हणजे कॅमचा एक, म्हणून दोन.

जुने भाग परत मागा. माझ्या मेकॅनिकने जुनी आणि नवी चेन एकाच खिळ्यावर शेजारी-शेजारी टांगली होती. दोन्हींच्या कड्यांची संख्या तीच, पण जुनी खाली उतरलेली दिसत होती, आणि हातात आडवी धरली तर झोळीसारखी वाकत होती. नवी जवळजवळ सरळ राहिली.

डिलिव्हरीला कव्हरच्या कडेला ऑइल गळत नाही ना बघा, कोड वाचा, बिलावर किटचा पार्ट नंबर आणि किलोमीटर लिहून घ्या. मी हजार किलोमीटरनंतर ऑइल परत बदललं. ताईलाही तेच सांगितलंय.

आणि घरी आणल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी पहिला स्टार्ट परत रेकॉर्ड करा, फोन त्याच जागी धरून. ताईची गाडी आज रात्री तुर्भ्याला गॅरेजवर आहे. कागद स्टिअरिंगवर लावलाय, चावी तिच्या पर्समध्ये आहे, सकाळी साडेआठला मी तिथे पोचतोय.