कॉलमभर ईमेल एकाच सेलमध्ये
सोसायटीच्या ६० सभासदांचे ईमेल एक्सेलच्या एका कॉलममध्ये आहेत आणि स्वल्पविराम टाकून एकत्र हवेत? एकेक कॉपी करत बसू नका. रिकाम्या सेलमध्ये इंग्रजी अक्षरांत आणि अंकांत हे सूत्र टाका:

=टेक्स्टजॉइन(", ",ट्रू,बी२:बी६१)

मधलं ‘ट्रू’ महत्त्वाचं. त्यामुळे रिकामे सेल गाळले जातात, नाहीतर नुसत्या स्वल्पविरामांची रांग लागते. एक्सेल २०१९ पासून पुढे आणि गूगल शीट्समध्ये हे चालतं.

तारखा जोडताना मात्र एक्सेल हमखास गंडवतं: १ जानेवारी २०२५ ऐवजी ४५६५८ उमटतं! तिथे आधी तारखेचा मजकूर करणारं ‘टेक्स्ट’ फंक्शन वापरा. आणि हो, मूळ कॉलम पुसायचा असेल तर त्याआधी उत्तर कॉपी करून ‘पेस्ट व्हॅल्यूज’ करा, म्हणजे सूत्राऐवजी नुसता मजकूर राहतो.