केळीच्या बागेत शूटिंग लावताना

माझं नाव पडद्यावर येतं तेव्हा लोक उठून चपला शोधत असतात. प्रॉडक्शन मॅनेजर. 33 वर्षं मुंबईत हेच केलं, आता जळगाव जिल्ह्यात रावेरला घरी असतो. आपल्या भागातली पोरं अहिराणी गाणी काढतात, वेब सिरीज काढतात आणि विचारायला येतात, "काका, केळीच्या बागेत शूटिंग करायचंय, काय काय लागतं?" कॅमेऱ्याचं त्यांना माझ्यापेक्षा जास्त कळतं. बाकीचं सांगतो.

रेकीला, म्हणजे शूटिंगची जागा पाहायला, गेलात की फोटो काढण्याआधी शेतमालकाला विचारा: माल कधी कापणार, पाण्याची पाळी कधी, वीज दिवसा की रात्री? ठिबक रात्रभर चाललं तर सकाळी ट्रॉलीचे रूळ चिखलात रुततात. मोटर ऐन संवादात घुमते. पण मालाचं आधी विचारा. मी एकदा विचारलं नव्हतं. पहिल्या दिवशी मास्टर शॉट, म्हणजे सगळा सीन एकत्र दिसणारा शॉट घेतला, हिरोच्या मागे भरगच्च घड. रात्री व्यापाऱ्याचा ट्रक लागला. सकाळी क्लोजअपला उभे राहिलो तर मागे नुसती पानं! मालक म्हणाला, "भाव चांगला भेटला ना भो, माल थांबतो का?" पळत जाऊन ट्रक गाठला, आठ घड परत विकत घेतले, सुतळीनं झाडांना बांधले आणि सीन पुरा केला.

मे महिन्यात पारा 45 च्या वर जातो. कॉल टाईम, म्हणजे युनिटनं हजर व्हायची वेळ, पहाटे 5 चा ठेवा, 12 ते 4 कॅमेरा बंद. बागेत सावली आहे, दुपारी काढू, असं कोणीतरी म्हणतंच. ऐकू नका. पानांतून झिरपणारा उजेड चेहरे हिरवट करतो, आणि वारा सुटला की पानं फाटतात. सकाळच्या शॉटशी मग काही जुळत नाही. आमच्या वेळी फिल्मच्या 400 फुटांच्या डब्यात साडेचार मिनिटंही भरायची नाहीत, म्हणून तालमी चिक्कार व्हायच्या. आता मेमरी कार्ड मोठं. पोरं तालमीशिवाय कॅमेरा रोल करतात आणि ऊन डोक्यावर येतं.

कपड्यांचे दोन जोड हवेतच. केळीच्या चिकाचा डाग धोब्याच्या बापाकडूनही निघत नाही.

दुपारच्या जेवणात वरण-बट्टी देऊ नका. तुपात बुडवलेली बट्टी खाल्ली की लाइटमन जनरेटरच्या सावलीत आडवा होतो, तो पाचपर्यंत उठत नाही. बट्टी पॅकअपनंतर. दुपारी भाकरी, साधी भाजी, भरपूर ताक. मुंबईची मंडळी असतील तर शेवभाजीचा रस्सा वेगळा ठेवा, मागतील त्यालाच द्या. आणि पंगतीत स्पॉट बॉय, लाइटवाले आधी बसवा, हिरो थांबतो.

परवानगीला ग्रामपंचायत आणि पोलीस ठाणं, दोन्हीकडे अर्ज देऊन पोच घ्या. रेल्वेचा रूळ दिसणार असेल तर स्टेशनमास्तर "हो" म्हणाला एवढ्यावर जाऊ नका, लेखी परवानगी वरून येते आणि वेळ खाते.

पेटी कॅशची वही रोज रात्री लिहायची, कितीही झोप आली तरी. पावती नसेल तिथे व्हाउचरवर सही घ्या, अंगठा घ्या. त्या आठ घडांचं व्हाउचर मी ट्रकवाल्याच्या सहीनं केलं होतं. ऑफिसातल्या हिशेबनिसानं ते उलटसुलट पाहिलं आणि विचारलं, "केळी विकत घेतली की भाड्यानं?"